लिव्ह अँड लायसन्सची मुदत संपली तरी घर सोडत नाहीत. कुलूप बदललं तर?

थोरली_लेक यांचा प्रश्न

नमस्कार. घर आईच्या नावावर आहे, दोन खोल्या आणि स्वयंपाकघर. बाबा गेल्यावर आई माझ्याकडे राहायला आली आणि ते घर आम्ही लिव्ह अँड लायसन्सवर, म्हणजे ठरावीक मुदतीच्या राहण्याच्या परवान्यावर, दिलं. करार अकरा महिन्यांचा, रीतसर नोंदवलेला. तो संपल्यावर दुसरा केला, तोही नोंदवला. दुसऱ्याची मुदत मार्चअखेर संपली. तेव्हा त्यांनी सांगितलं की मुलाची परीक्षा आहे, निकाल लागला की जातो. आई म्हणाली, राहू दे, पोराच्या वर्षाचा प्रश्न आहे. निकाल लागून नवी शाळा सुरू झाली आणि आता उत्तर मिळतं, "आम्ही दरमहा पैसे भरतोय, म्हणजे आम्ही भाडेकरू झालो. काढायचं असेल तर कोर्टात जा."

पैसे खरंच येतात. जुन्या कराराइतकीच रक्कम पाच तारखेच्या आत आईच्या खात्यात जमा होते. आईची औषधं त्यातूनच येतात, म्हणून ती परत पाठवलेली नाही.

पोलीस ठाण्यात गेलो होतो. त्यांनी कागद पाहिले आणि ही दिवाणी बाब आहे, आम्ही काही करू शकत नाही असं सांगितलं. धाकट्या भावाचं म्हणणं आहे की ती मंडळी सुट्टीत गावी गेली की कुलूप बदलायचं, सामान नीट बांधून, फोटो काढून सोसायटीच्या ऑफिसात ठेवायचं. घर आपलं, करार संपलेला, मग भीती कसली? आईला हे पटत नाही, पण रात्र रात्र तिला झोपही नाही.

कुलूप बदलणं कायद्यात बसतं का? पैसे घेतले म्हणून ते खरंच भाडेकरू झाले का? आणि कोर्टात जायचं तर नेमकं कुठे? आई पंच्याहत्तरीची आहे, जिने चढू शकत नाही. ज्यांनी हे स्वतः पाहिलं आहे त्यांनी कृपया सांगावं.

रोखठोक

भावाचं ऐका. कोर्टाच्या नादी लागलात तर आईच्या हयातीत घर मिळणार नाही. माझ्या मामांनी दुकानाच्या गाळ्यासाठी दावा लावला होता. ते गेले, आता मामेभाऊ तारखा करतो. घर रिकामं दिसलं की कुलूप बदलायचं आणि वर आपलं नाव लावायचं. मग त्यांना जाऊ दे कोर्टात. एकदा ताबा तुमच्याकडे आला की धावपळ त्यांची. आणि तेवढी हिंमत होत नसेल तर निदान पाणी-वीज तरी बंद करा, आठवड्यात जातील.

निवृत्त_बेलिफ

थोरल्या ताई, मी लघुवाद न्यायालयात बेलिफ होतो. समन्स बजावणं आणि हुकूमनामा (दाव्याचा अंतिम आदेश) झाला की जागेवर जाऊन ताबा घेऊन देणं, नोकरीभर हेच केलं. वकील नाही, त्यामुळे अर्ज लिहायला वकील तुम्हाला लागेलच. पण दाराच्या दोन्ही बाजूंना काय घडतं ते मी पाहिलं आहे, म्हणून सविस्तर लिहितो.

कुलूप बदलू नका. रोखठोक यांचा राग मला समजतो, पण "मग त्यांना जाऊ दे कोर्टात" हे वाक्य ज्या दिवशी खरं होतं त्या दिवशी मालक अडकतो. १९६३ च्या विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाचं (स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट) कलम ६ वाचा. कायदेशीर मार्गाशिवाय ज्याचा ताबा काढून घेतला, तो माणूस सहा महिन्यांच्या आत दावा लावू शकतो, आणि त्या दाव्यात मालक कोण हा प्रश्न न्यायालय बघतच नाही. ताबा कोणाचा होता आणि तो कसा गेला, एवढंच बघतं. त्या निकालावर अपीलही नाही. मालकाच्या हातून चावी घेऊन ती मुदत संपलेल्या माणसाला परत देण्याचं कामही मी केलं आहे. करार दाखवून मालक विचारायचा, "अहो, घर माझं आहे ना?" घर त्याचंच होतं. ताबा घेण्याची रीत चुकली होती. १९८९ साली सर्वोच्च न्यायालयाने एका उपाहारगृहाच्या प्रकरणात हेच सांगितलं की परवान्याची मुदत संपलेली असली तरी प्रत्यक्ष ताब्यात असलेल्या माणसाला कायद्याच्या मार्गानेच बाहेर काढता येतं.

शिवाय सामानाचं काय? तुमचा भाऊ फोटो काढेल, मोजून बांधेल, आणि ते तक्रार देतील की कपाटात दागिने होते, ते गेले. मग दिवाणी बाबीची फौजदारी व्हायला वेळ लागत नाही, आणि ठाण्यात बसावं लागेल तुमच्या भावाला.

पाणी-वीज तोडण्याचा सल्ला तर मनातूनच काढून टाका. भाडेकरूच्या बाबतीत महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियमाचं कलम २९ त्याला सरळ मनाई करतं. तुमचे लोक भाडेकरू नसले तरी नळ बंद झाला की ते मनाई हुकूम मागायला धावतील, आणि न्यायाधीशांसमोर पहिलं चित्र उभं राहील ते लहान मुलाच्या घरचं पाणी तोडणाऱ्या मालकिणीचं. आजवर सगळे कागद तुमच्या बाजूने आहेत. त्यांना असं हत्यार आपल्या हाताने कशाला द्यायचं?

आता पैशांचं. नुसती रक्कम खात्यात आली म्हणून भाडेकरार जन्माला येत नाही. दोन्ही बाजूंना तसा नवा संबंध जोडायचा होता असं दिसावं लागतं. पण गप्प बसू नका. आईच्या सहीचं पत्र स्पीड पोस्टाने, नोंदणी आणि पोचपावतीसह पाठवा. त्यात लिहा की परवान्याची मुदत अमुक तारखेला संपली आहे, परवाना पुढे वाढवलेला नाही, खात्यात येणारी रक्कम आम्ही हक्क राखून नुकसानभरपाईपोटी घेत आहोत, आणि जागा ताबडतोब रिकामी करून द्यावी. यानंतर आईंना कोणतीही पावती द्यायची वेळ आली तर तिच्यावर "भाडे" हा शब्द येऊ देऊ नका. मोबाइलवरच्या संदेशांतसुद्धा नाही. "या महिन्याचं भाडं मिळालं, धन्यवाद" असा एक सभ्य संदेश मी पुरावा म्हणून लागलेला पाहिला आहे.

कुठे जायचं? तुमचं घर राहण्यासाठी दिलेलं आहे, करार लेखी आणि नोंदवलेला आहे, म्हणून तुम्हाला नेहमीच्या दिवाणी दाव्याची वाट धरावी लागत नाही. १९९९ च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियमात (तो ३१ मार्च २००० पासून लागू आहे) कलम २४ खास याच प्रसंगासाठी आहे. अर्ज सक्षम प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे याच कामासाठी सरकारने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे, करायचा. समन्स मिळाल्यापासून तीस दिवसांच्या आत समोरच्याने प्रतिज्ञापत्रावर कारणं देऊन बाजू लढवण्याची परवानगी मागायची असते. ती मागितली नाही, तर अर्जात लिहिलेलं त्याला मान्य आहे असं धरून ताब्याचा आदेश होतो. परवानगी मागितली तर खरंच लढण्यासारखं काही आहे का, हे आधी तपासलं जातं. मुदतीनंतर राहिलेल्या काळासाठी कराराच्या दराच्या दुप्पट दराने नुकसानभरपाईही याच कलमात आहे. त्या आदेशावर अपील नाही; नव्वद दिवसांत पुनरीक्षण अर्ज (आदेश पुन्हा तपासून बघा अशी विनंती) तेवढा करता येतो.

रोखठोक यांच्या मामांचा गाळा होता, आणि फरक इथेच आहे. कलम २४ राहण्याच्या जागेपुरतं आहे. दुकान, गोदाम, कार्यालय यांना ही जवळची वाट नाही. त्यांना मुंबई-पुण्यात लघुवाद न्यायालय आणि जिथे ते नाही तिथे दिवाणी न्यायाधीशांचं न्यायालय गाठावं लागतं. त्यांच्या घरी झालेला उशीर खरा आहे, पण त्यावरून तुमच्या प्रकरणाचा अंदाज बांधू नका. वेळ तुम्हालाही लागेल. समन्स बजावलं जात नाही, तहकुबी मागितली जाते, हे सगळं होतं. तरी मार्ग वेगळा आहे.

थोरली_लेक

काका, फार आभार. तुमचं उत्तर आईला वाचून दाखवलं. भाऊही ऐकत होता, बोलला काही नाही.

दोन गोष्टी राहिल्या. काल त्यांचा फोन आला, सूर वेगळाच होता. म्हणाले, "तो करार नुसता दाखवायला होता, तोंडी तुमच्या आईने आम्हाला कायमचं राहायला सांगितलं होतं." आईने असं काही सांगितलेलं नाही. पण तोंडी गोष्ट खोटी कशी ठरवायची? आणि आईच्या वतीने मी तारखांना जाऊ शकते का?

तिसरा_मजला

धागा वाचतोय. सगळं मालकांच्या बाजूने चाललं आहे म्हणून दुसरी बाजू लिहितो. आम्ही पागडीच्या जागेत (सुरुवातीला ठोक रक्कम देऊन घेतलेली जुनी भाड्याची जागा) राहतो, वडिलांच्या आधीपासून. नवा मालक आल्यापासून भाडं घेतच नाही. नेऊन दिलं तर "नंतर बघू", पावती मागितली तर दार बंद. आता त्यांच्या वकिलाची नोटीस आली आहे की भाडं थकलं आहे, शिवाय मालकाला मुलासाठी जागा हवी आहे. पावत्या अजून वडिलांच्या नावावर आहेत, वडील जाऊन बराच काळ झाला. आई आणि मी इथेच राहत आलो. भाडं द्यायला तयार असलेल्या माणसाला थकबाकीदार ठरवून बाहेर काढता येतं का?

निवृत्त_बेलिफ

तिसरा मजला, तुम्ही लिहिलंत ते बरं झालं, कारण तुमची नोटीस जास्त घाईची आहे. आधी तुम्हालाच उत्तर देतो.

तुम्ही भाडेकरू आहात, परवानाधारक नाही. तुम्हाला भाडे नियंत्रण अधिनियमाचं पूर्ण संरक्षण आहे. कलम १५ सांगतं की जोवर भाडेकरू भाडं देतो किंवा द्यायला तयार आहे, तोवर मालकाला ताबा मागता येत नाही. पण ही तयारी कागदावर दिसली पाहिजे. थकबाकीसाठी दावा लावण्याआधी मालकाला लेखी मागणीची नोटीस देऊन नव्वद दिवस थांबावं लागतं. ते नव्वद दिवस तुमचे सुरू झाले आहेत. आजच पाकिटावरची तारीख बघा. पाकीट फेकू नका, शिक्का त्यावरच असतो. वकिलामार्फत उत्तर द्या आणि सगळी थकबाकी मनीऑर्डरने किंवा चेकने पाठवा. "घेणाऱ्याने नाकारले" असा शेरा मारून परत आलेली मनीऑर्डर जपून ठेवा; मालक भाडं नाकारतो याचा त्याहून चांगला पुरावा नाही. पावती देणं मालकावर कलम ३१ प्रमाणे बंधनकारक आहे, तेही उत्तरात लिहा.

आणि तरी दावा लागलाच, तर समन्स बजावल्यापासून नव्वद दिवसांच्या आत सगळी थकबाकी सालाना १५ टक्के सरळ व्याजासह न्यायालयात भरायची, दाव्याचा खर्च न्यायालय सांगेल तो द्यायचा, आणि निकाल लागेपर्यंत पुढचं भाडंही नियमित भरत राहायचं. "नियमित" या शब्दापाशी भाडेकरू हरतात. पहिली मोठी रक्कम कर्ज काढून भरतात आणि पुढे दरमहाची छोटी रक्कम भरायचं राहून जातं, कारण दावा चालू आहे, आता कशाला, असं वाटतं. मग थकबाकीवर ताब्याचा हुकूमनामा होतो, आणि मी वॉरंट घेऊन दारात उभा राहतो तेव्हा घरातली बाई कपाटातून भरलेल्या पावत्या काढून दाखवते. त्या खऱ्या असतात, पण अपुऱ्या. त्या वेळी माझ्या हातात काही नसायचं. वॉरंटवर लिहिलं आहे तेवढंच बेलिफ करू शकतो. म्हणून हात जोडून सांगतो, महिन्याची एक तारीख ठरवा आणि भरा.

मुलासाठी जागा हवी हे वेगळं कारण आहे, कलम १६ मधलं वाजवी आणि प्रामाणिक गरजेचं. ती गरज मालकाला सिद्ध करावी लागते. ती सिद्ध झाली तरी न्यायालय तुलना करतं की जागा मिळाली नाही तर मालकाला जास्त हाल, की जागा गेली तर भाडेकरूला. मालकाच्या दुसऱ्या जागा आहेत का, तुम्ही पर्यायी जागा शोधलीत का, हे तिथे विचारलं जातं. जागा शोधली असेल तर तसं दाखवता आलं पाहिजे.

पावत्या वडिलांच्या नावावर आहेत म्हणून घाबरू नका. भाडेकरू वारला तेव्हा त्याच्यासोबत राहत असलेल्या घरच्या माणसाला राहण्याच्या जागेत भाडेकरूचा हक्क मिळतो. तुम्ही त्या वेळी तिथेच राहत होता हे दाखवणारे कागद काढा : रेशनकार्ड, मतदार यादी, वीजबिलं, शाळेचा दाखला. आणि घर बंद ठेवून कुठे जाऊ नका. दाव्याच्या आधी सलग सहा महिने सबळ कारणाशिवाय जागा वापरात नसेल तर तेवढ्यावरच ताबा जाऊ शकतो. आई गावी, मुलगा नोकरीच्या ठिकाणी आणि घराला कुलूप, अशा कितीतरी जुन्या जागा गेल्या.

ताई, आता तुमचं. "करार दाखवायला होता" हे जवळजवळ प्रत्येक जण म्हणतो. कलम २४ च्या स्पष्टीकरणात लिहिलं आहे की परवान्याचा लेखी करार हा त्यात नमूद केलेल्या गोष्टींचा निर्णायक पुरावा मानला जाईल. निर्णायक याचा अर्थ त्याच्याविरुद्ध तोंडी काय ठरलं होतं ते ऐकलं जात नाही. त्या फोनला लांबलचक उत्तर देत बसू नका. पत्र एकदा गेलं की मग बोलणं वकिलामार्फत.

तारखांना तुम्ही मुखत्यार म्हणून, म्हणजे आईंनी लेखी अधिकार दिलेली व्यक्ती म्हणून, जाऊ शकता, अर्ज आणि कागद तुमच्या सहीने दाखल होऊ शकतात. फक्त एक मर्यादा आहे. जी गोष्ट आईंनाच ठाऊक आहे, ती त्यांच्या जागी तुम्ही साक्षीत सांगू शकत नाही. आईंच्या तोंडी शब्दाचा मुद्दा त्यांनी काढलाच, तर "मी असं कधी म्हटलं नाही" हे आईंच्याच प्रतिज्ञापत्रात हवं. उलटतपासणीची वेळ आली तर प्रकृतीचा दाखला जोडून घरी येऊन साक्ष नोंदवण्यासाठी आयुक्त नेमण्याची विनंती करता येते. वयाचा पुरावा जोडून लवकर सुनावणीचा अर्जही पहिल्याच तारखेला द्या.

रोखठोक

काका, सगळं मान्य. पण आदेश मिळाल्यावर तरी ते निघतात का? मी ऐकलं आहे की आदेश हातात घेऊन लोक वर्षानुवर्षं फिरतात.

निवृत्त_बेलिफ

फिरतात, आणि बहुतेक वेळा कारण कागदात असतं. अर्जातलं जागेचं वर्णन आणि जागेवरचं वर्णन जुळत नाही. करारात खोली नंबर एक, दारावर दुसरा, सोसायटीने मधल्या काळात नंबर बदललेले. बेलिफने अशा जागेचा ताबा द्यायचा कसा? तो "वर्णन जुळत नाही" असा अहवाल लिहून वॉरंट परत करतो, आणि पुढची तारीख पडते. म्हणून ताई, अर्ज दाखल करायच्या आधी एकदा जागेवरच्या पाटीशी, वीजबिलाशी आणि सोसायटीच्या भाग प्रमाणपत्राशी (शेअर सर्टिफिकेट) मजला, नंबर, इमारतीचं नाव ताडून बघा. चतुःसीमा (चारही बाजूंना काय आहे ते) लिहायच्या असतील तर आजच्या लिहा.

दुसरं कारण म्हणजे वॉरंट घेऊन गेलं की आत भलताच माणूस निघतो. म्हणतो, मी त्यांचा मेहुणा, माझा स्वतंत्र हक्क आहे. तो हक्क खरा की खोटा हे बेलिफ ठरवू शकत नाही. तो अडथळ्याचा अहवाल देतो आणि न्यायालय त्याची चौकशी करतं. यावर उपाय आजच करायचा. घरात सध्या कोण कोण राहतं ते पत्रात नावानिशी लिहा. तिसऱ्याला ठेवायला परवानगी नाही असं करारात असेल तर ते कलम अर्जात उतरवा.

कुलूप लावून निघून गेले तर घाबरू नका. कुलूप तोडण्याचा हुकूम वेगळा मागावा लागतो. तोही आणि पोलीस बंदोबस्ताचा अर्जही वकिलाला आधीच तयार ठेवायला सांगा. बंदोबस्ताचे पैसे वेळेत भरले नाहीत म्हणून परत फिरलेली माणसं मी पाहिली आहेत.

ताब्याच्या दिवशी भावाला सोबत घ्या, पण आतल्या माणसांशी एक शब्द बोलायचा नाही असं त्याच्याकडून कबूल करून घ्या. पंच म्हणून शेजारचे दोघं सांगून ठेवा, ऐन वेळी कोणी तयार होत नाही. सामान बाहेर काढताना प्रत्येक वस्तू पंचनाम्यात लिहून घ्यायला सांगा, गॅस सिलिंडर, औषधं, मुलाची पुस्तकं सगळं. आत आजारी किंवा म्हातारं माणूस असेल तर आधी बेलिफला सांगा, म्हणजे तो तशी सोय करूनच येईल. त्यांना तासभर जास्त लागला तर द्या. पोरगं शाळेत असेल अशी वेळ मागून घेतलीत तर फार चांगलं. आपलं घर रिकामं होताना मुलांनी पाहू नये असं मला नोकरीत पहिल्यापासून वाटत आलं, आणि जिथे मालकाने ऐकलं तिथे मी तशीच वेळ ठरवली.

थोरली_लेक

पत्र आज पाठवलं, पोचपावतीसह. मजकूर तुम्ही सांगितला तसाच, नावं लिहिली आहेत. सोसायटीच्या कागदावर मजला "दुसरा" आहे आणि करारात "तिसरा", कारण एकाने तळमजला मोजला आहे, दुसऱ्याने नाही. उद्या वकिलांकडे दोन्ही कागद घेऊन जाते. मुखत्यारपत्रही तेव्हाच.

निवृत्त_बेलिफ

मजल्याचं आत्ताच सापडलं हे फार चांगलं झालं. अर्जात दोन्ही लिहायला सांगा : "करारात तिसरा म्हणून नमूद, सोसायटीच्या नोंदीप्रमाणे दुसरा मजला", आणि सोसायटीकडून दोन्ही एकच जागा असल्याचं पत्र घेऊन जोडा. मुखत्यारपत्र नोंदवूनच घ्या. आणि तिसरा_मजला, तुमच्या मनीऑर्डरचं काय झालं ते इथे लिहा.